चाळीस मिनिटांची कोरी फीत

"आज मानवजात प्रथमच शांततेच्या गाभ्यात उतरणार आहे," प्राध्यापक वोल्फहार्टनी घोषणा केली. मानवजातीचे तीन प्रतिनिधी कोलोनमधल्या त्या तळघरातल्या प्रयोगशाळेत हजर होते. एक खुद्द प्राध्यापक. दुसऱ्या ऐंशी वर्षांच्या गुडरूनबाई, आपला चष्मा शोधणाऱ्या. आणि तिसरी डॉ. हेमांगी रिसबूड, प्राध्यापक त्या चष्म्यावरच बसले आहेत हे कसे सांगावे या विवंचनेत.

टेबलावर ध्वनिफितीचे एक चक्र होते. गुडरूनबाईंचे वडील ओटमार ब्रेंडेके यांची अजरामर रचना: चाळीस मिनिटांची कोरी फीत. १९६३पासून दर वर्षी ती सभागृहात वाजवली जाई, म्हणजे वाजत नसे, आणि दोनशे श्रोते खोकला दाबून बसत. ब्रेंडेके हयात असेपर्यंत पहिल्या रांगेत बसून रडत. समीक्षक त्याला समाधी म्हणत. प्राध्यापकांनी त्यावर तीन जाडजूड खंड लिहिले होते. सारांश एवढाच, की ब्रेंडेकेंनी या फितीवर एक महान सिंफनी रचली आणि मग पुसून टाकली.

"पुसलेलं परत कसं येणार?" गुडरूनबाईंनी विचारले.

"पुसलं तरी फितीतले चुंबकीय कण जुनी वळणं थोडीफार धरून ठेवतात," हेमांगी म्हणाली. "आमचा ध्वनिउत्खनक फीत तापवून ती वळणं वाचतो. पण तापवली की फीत जळते. तेव्हा वाचन एकदाच, आणि तेही एकाच थराचं. वरचा, म्हणजे शेवटचं ध्वनिमुद्रण, किंवा तळाचा, म्हणजे सगळ्यात पहिलं."

"वरचा," प्राध्यापक म्हणाले. "सिंफनी वर आहे."

"तळाचा," गुडरूनबाई म्हणाल्या. फीत त्यांची होती.

"बाई, जगाची ठेव जाळताय तुम्ही."

गुडरूनबाईंनी फितीचा डबा उलटून दाखवला. झाकणाच्या आत पेन्सिलीने लिहिले होते: गुडरून, दोन महिने.

"आईचं अक्षर. मी तीन महिन्यांची असताना ती गेली. तिचा आवाज कुठेच नाही. आणि बाबा हाताला येईल ती फीत पुसून वापरायचे. सिंफन्या मी पुष्कळ ऐकल्या, प्राध्यापक."

यंत्र सुरू झाले. करपलेल्या व्हिनेगरसारखा वास सुटला. आधी नुसती घरघर, मग पाळण्याची करकर. मग एका तरुण, दमलेल्या बाईचा आवाज:

"ओटमार, बंद कर ना ते. आत्ताच झोपलीय ती."

खट्.

पुढची एकोणचाळीस मिनिटे काही नव्हते. तरी तिघेही शेवटपर्यंत बसून राहिले. फितीची राख झाली.

"वरचे थर किती होते?" प्राध्यापकांनी विचारले.

हेमांगीने नोंद पाहिली, पुन्हा पाहिली. "एकही नाही. फीत एकदाच पुसली गेली होती. त्यांनी पुसलं ते एवढंच."

तीन खंडांचे लेखक राखेकडे वाकले. "पण पुसलं कशाला?"

"ठेवलं असतं तर दिवसभर तेच ऐकत बसले असते," गुडरूनबाई म्हणाल्या. "मला वाढवायचं होतं ना. मग वर्षातून एकदा जायचे, पुसलेलं ऐकायला."

प्राध्यापक उठले. खुर्चीवर चष्म्याचे दोन तुकडे होते. त्यांनी घसा साफ केला.

"म्हणजे संगीताच्या इतिहासात आज—"

गुडरूनबाईंनी ओठांवर बोट ठेवले.

"जरा हळू बोला, प्राध्यापक. ती आत्ताच झोपलीय."