बाईसाहेबांची गोधडी

लाँड्रीच्या काचेवर मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं, ‘कुत्र्यांना आत आणू नये.’ आणि नेमका त्या पाटीसमोरच तो कुत्रीला घेऊन उभा होता. बाहेर भुरभुर पाऊस, बोचरा गारठा, आणि हा गृहस्थ पाटी अशी मन लावून वाचत होता, की जणू उद्या तिच्यावर परीक्षा आहे.

काउंटरमागे लाँड्रीवाल्याची मुलगी इस्त्री फिरवत होती. तिनं जरा वेळ वाट पाहिली, पण मग तिलाच राहवेना.

“झालं का वाचून?”

“झालं,” तो म्हणाला. “पण हा नियम कुत्र्यांसाठी आहे.”

“मग ही कोण?”

“ही निवृत्त आहे.”

तिनं काउंटरवरून वाकून पाहिलं. तपकिरी अंग, काळं तोंड, एका कानाला जुनी चीर. कुत्रीनंही तिला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं, लग्नाच्या बैठकीत सासूबाई न्याहाळतात तसं.

“लष्करात होतो आम्ही,” तो म्हणाला. “ही जमिनीतले सुरुंग हुडकायची. मी हिच्या हाताखाली.”

“कुत्रीच्या हाताखाली?”

“हुद्द्यानं माझ्याहून एक पायरी वर. आमच्यात सगळे हिला बाईसाहेबच म्हणायचे.”

एव्हाना बाईसाहेब कुणाची परवानगी न घेता आत शिरल्या होत्या आणि इस्त्रीच्या टेबलाखाली, जिथं ऊब असते तिथं, ऐसपैस पसरल्या होत्या. मुलीला हसू आलं. ते तिनं दाबलं, पण त्यानं पाहिलंच.

त्यानं बगलेतलं गाठोडं काउंटरवर ठेवलं. विटक्या हिरव्या रुमालात बांधलेले गणवेशाचे शर्ट होते. “वर गोधड्या शिवतात ना, त्यांच्यासाठी आणलेत. आहेत तसेच घ्या, अं?”

“आहेत तसेच,” ती म्हणाली. लाँड्रीत येणारी निम्मी माणसं संकोचून असंच म्हणतात. त्याकडे कोण लक्ष देतंय.

लाँड्रीच्या माडीवर एक लांबट खोली होती आणि तिथं दुपारी तिची आत्या आणि गल्लीतल्या बायका गोधड्या शिवायच्या. त्याची सुरुवात आत्याच्या घरातूनच झाली होती. तिचे यजमान लढाईवरून धडधाकट परतले, पण झोप मात्र तिकडेच ठेवून आले. एके दिवशी आत्यानं त्यांचा गणवेश कात्रीनं कापला, तुकडे जोडले, आणि शेजारणींना हाक मारली की चार चार टाके घाला गं. “इतक्या जणींचे हात लागल्यावर ते कापड त्यांच्या एकट्याचं राहिलं नाही,” आत्या सांगायची. “मग कुठं डोळा लागला.” तेव्हापासून गल्लीत जो कुणी फौजेतून घरी परतला, त्याच्या गणवेशाची गोधडी झाली. एकीत बाह्या तर दुसरीत खिसे, आणि कडेला आत्याच्या पसंतीचा गडद काठ. माडीवरची चित्रंच होती ती. पाहणारा दोन पावलं मागं सरून बघायचा आणि मग जवळ जाऊन हात फिरवायचा.

आत्या जिना उतरून आली आणि तिनं आल्या आल्या फौजीची उलटतपासणी घेतली. गोधडी कुत्रीसाठी आहे म्हटल्यावर तिच्या भुवया कपाळाला टेकल्या.

“गोधडी फौजीला मिळते बाबा.”

“मग मला मिळायचं कारणच नाही,” तो शांतपणे म्हणाला. “मी दोरी धरून मागं चालायचो. पुढं ती असायची.”

आत्यानं टेबलाखाली पाहिलं. बाईसाहेबांचे मागचे पाय थंडीनं आखडलेले होते.

“शर्ट ठेवून जा,” आत्या म्हणाली.

आता लाँड्रीवाल्याच्या मुलीनं काय करावं? जे तिच्या रक्तात होतं तेच केलं. शर्ट भिजत घातले, धुतले, कॉलर मळकट वाटली म्हणून पुन्हा धुतले, जरा खळ दिली आणि कडक इस्त्री केली. फौजी परत आला तेव्हा शर्टांची घडी तिनं अशी अभिमानानं पुढं केली, जणू स्वतः विणून काढलेत.

बाईसाहेबांनी घडी हुंगली. पुन्हा हुंगली. मग त्यांनी एक शिंक दिली आणि पाठ फिरवून त्या दारापाशी जाऊन बसल्या.

त्याचा चेहरा उतरला. रागावला नाही, आवाजही चढवला नाही, आणि तेच मुलीला जास्त लागलं.

“काय चुकलं?” तिनं विचारलं.

“चूक माझीच. सांगायला हवं होतं.” तो घडीवर हात ठेवून म्हणाला, “थंडी संपली की मी बोटीवर पहारेकरी म्हणून चाललोय. सहा महिने. हिला ताईकडे ठेवणार. पण ही माझ्याशिवाय झोपत नाही हो. मी दवाखान्यात होतो तेव्हा दाराशी बसून राहिली, अन्नाला शिवली नाही. म्हणून म्हटलं, या शर्टांत तिची-माझी सगळी नोकरी मुरलीय… वास ओळखून तरी झोपेल.”

“आणि मी तो धुऊन टाकला.”

“फार छान धुतलात,” तो म्हणाला, आणि इतकं मनापासून म्हणाला की तिला रडूच फुटायचं बाकी राहिलं.

“एखादा अंगातला शर्ट ठेवला तर…”

“त्याचा वास चार दिवसांत उडतो. मुरायला वेळ लागतो.”

“मग मुरव की,” जिन्यावरून आत्याचा आवाज आला. “गोधडी मांडीवर घेऊनच शिवायची असते. रोज येऊन बस आणि शीव. तू शिवशील, ही मेली शेजारी लोळेल, थंडी संपेपर्यंत मुरेल सगळं.”

अशा रीतीनं बायकांच्या त्या खोलीत एक फौजी येऊन बसला.

त्याला सुई धरायला शिकवण्याचं काम कुणाकडे आलं हे सांगायला नकोच. ज्यानं घाण केली त्यानंच निस्तरावी, असं आत्या म्हणाली आणि बाकीच्या बायका उगाच आपापल्या शिवणात डोकी खुपसून बसल्या. मुलीनं त्याच्या बोटावर धातूची टोपी चढवली. तीन पदर एकत्र कसे धरायचे, सुई खालून टोचून वर कशी घ्यायची, ते दाखवलं. दाखवताना हाताला हात लागला. दोघांनीही लागला नाही असं दाखवलं.

“दारू प्यालेल्या मुंग्यांची रांग दिसतेय नुसती,” आत्यानं त्याचे टाके पाहून निकाल दिला.

“लहान-मोठे येतायत तुमचे टाके,” मुलगी जरा मऊपणानं म्हणाली.

“मोठे आहेत ते तुम्ही समोर असतानाचे.”

“आणि लहान?”

“तेव्हा तुम्ही खाली गिऱ्हाईक बघायला गेलेल्या असता. लक्ष लागतं.”

तिनं मान खाली घातली आणि दोरा दातानं तोडला. अजून वीतभर शिल्लक होता, उगाचच तोडला.

एका दुपारी तिनं विचारलं, “सुरुंग सापडला की बाईसाहेब भुंकायच्या का?”

“भुंकून कसं चालेल? बसते. गुपचूप बसायचं आणि समोर बघत राहायचं, बस.” त्यानं सुई कापडात टोचून ठेवली. “एकदा अशीच बसली. मी मागून चालत होतो, थांबलो. पुढचा पाय पडणार होता, तिथंच होता तो. तिला एक क्षण उशीर झाला असता तर मी इथं मुंग्या काढत बसलो नसतो.”

त्या दिवसापासून बाईसाहेबांच्या आखडलेल्या पायांवर मुलगी रोज इस्त्रीनं गरम केलेलं फडकं घालू लागली. त्याचं शिवण्यातलं लक्ष त्यामुळे आणखीनच उडालं. बायकांनाही नवा खेळ सापडला होता. आत्या चष्म्याचं घर बाईसाहेबांना हुंगवायची आणि कुठंतरी लपवायची. बाईसाहेब हलत-डुलत जायच्या आणि बरोब्बर तिथं जाऊन बसायच्या. एकदाही चुकल्या नाहीत.

दिवस असे चालले होते. जिन्यावरची पावलं मुलीला ओळखू यायला लागली. आधी नखांचा खडखड आवाज, मागून त्याचे बूट. तो यायची वेळ झाली की ती केसांवरून हात फिरवायची आणि स्वतःवरच चिडायची. चार महिन्यांत जाणारा माणूस आहे बाई, जीव लावून काय करणार आहेस? असं ती स्वतःला बजावायची. जीव ऐकत नव्हता.

आणि मग एके सकाळी झाडू मारताना इस्त्रीच्या टेबलामागून तो विटका हिरवा रुमाल निघाला.

गाठोडं ज्यात बांधलं होतं तोच. पहिल्याच दिवशी मागं पडलेला आणि न धुतलेला. तिनं तो नाकाशी नेला. माती, धूर, कुत्र्याचे ओले केस, आणि त्या सगळ्याच्या खाली तो. शेजारी बसून सुईत दोरा ओवताना येणारा त्याचा वास. तिला क्षणभर तिथंच खाली बसावंसं वाटलं.

द्यायला हवा होता. गोधडीच्या मधोमध एवढा रुमाल लावला की काम फत्ते, हे तिला कळत होतं. मग रोज शिवायची गरज उरली नसती. तो उठला असता, आभार मानले असते, आणि त्या जिन्यावर नुसत्या बायकांची पावलं राहिली असती. बाईसाहेब सध्या त्याच्याजवळच सुखानं झोपतायत, कुणाचं काही बिघडत नाही, उद्या देऊ, असं म्हणून तिनं रुमाल पिशवीत घातला आणि पिशवी खालच्या कपाटात. तो उद्या काही केल्या उजाडेना.

थंडी मात्र कुणासाठी थांबत नाही. गोधडी शिवून झाली. शेवटच्या काठाला सगळ्या बायकांनी भोवती बसून आपापला टाका घातला. मुलगी त्या दिवशी पिशवी वर घेऊन आली होती, आज द्यायचाच असं ठरवून. पण खोली भरलेली, सगळ्यांच्या नजरा आपल्यावरच आहेत असं वाटत होतं, आणि धीर झाला नाही. पिशवी तिनं खुर्चीला अडकवून ठेवली.

फौजीनं गोधडी जमिनीवर अंथरली. हिरव्या-तपकिरी चौकोनांत दारुड्या मुंग्यांच्या रांगा. बाईसाहेबांनी ती कडेकडेनं हुंगली. वर चढल्या, एक गिरकी घेतली. फौजीनं श्वास रोखून धरला होता.

बाईसाहेब थबकल्या. नाक वर केलं, गोधडीवरून उतरल्या, खोली ओलांडून सरळ खुर्चीपाशी गेल्या आणि पिशवीसमोर बसल्या. हू नाही की चू नाही. नुसत्या समोर बघत राहिल्या.

बायकांच्या हातातल्या सुया थांबल्या.

“बसली,” फौजी हळूच म्हणाला. “काय आहे पिशवीत?”

“दोरे आहेत.”

“दोऱ्यांसाठी बसत नाही ती.”

मुलीचे कान तापले. तिनं पिशवीत हात घातला आणि रुमाल बाहेर काढला. त्यानं तो लगेच ओळखला, तिच्या हातातून घेतला, उलटसुलट केला.

“कधीपासून आहे हा?”

“बरेच दिवस झाले,” ती म्हणाली. आता लपवून काय उपयोग होता? “टेबलामागं सापडला. द्यायला हवा होता, मला कळत होतं. पण दिला असता तर काम संपलं असतं, आणि काम संपलं असतं तर… तू आला नसतास.”

आजवरचं ‘तुम्ही’ कुठं गेलं, तिचं तिलाही समजलं नाही. आत्या चष्मा पुसायला लागली.

त्यानं रुमालाची घडी घातली. मग मोडली. पुन्हा घातली.

“माझी बोट मागच्या आठवड्यातच गेली,” तो म्हणाला.

“म्हणजे?”

“मी पुढची घेतली. म्हटलं, काठ राहिलाय अजून.” तो जमिनीकडं बघत होता, आणि कानाच्या पाळ्या मात्र लाल झाल्या होत्या. “मला तू आवडतेस. पहिल्या दिवशी हसू दाबलंस ना, तेव्हापासून. सांगायला जीभ वळत नव्हती. सुरुंग बरे, असं वाटायला लागलं होतं.”

“मग आता फुटला ना एकदाचा सुरुंग,” आत्या म्हणाली. “रुमाल इकडं आण. मध्ये लावून टाकते, नाहीतर तुम्ही दोघं अजून एक हिवाळा काढाल.”

रुमाल मधोमध लागला. बाईसाहेब त्यावर नाक ठेवून लवंडल्या, आणि थोड्या वेळानं सरकत सरकत त्यांनी आपलं डोकं मुलीच्या पावलांवर टेकवलं. ताईकडे ठेवायची बोलणी तिथंच बारगळली.

तो निघाला त्या सकाळी लाँड्रीच्या काचेवर पाटी नव्हती. इस्त्रीच्या टेबलाखाली गोधडी अंथरलेली आणि तिच्यावर बाईसाहेब घोरत होत्या. तो वाकला, त्यांच्या फाटक्या कानामागं खाजवलं, बराच वेळ तसाच बसून राहिला.

“मी नीट सांभाळीन तिला,” मुलगी म्हणाली.

“ठाऊक आहे. ती तुला सांभाळेल.” तो उठला. “मला एक हवं होतं. तुझा एखादा स्कार्फ दे.”

तिचे डोळे भरून आले होते, पण हात सवयीनं कामाला लागले. तिनं फळीवरून निळा स्कार्फ काढला, धुतलेला, कडक इस्त्रीचा, आणि काउंटरवर ठेवला.

“हा नको,” तो म्हणाला. “गळ्यातला दे.”

“अरे, हा कालपासून अंगावर आहे. मळलाय.”

“म्हणूनच तर. सहा महिने मलाही झोप लागायला हवी ना?”

ती हसली, आणि या वेळी हसू दाबलं नाही. तिनं गळ्यातला स्कार्फ सोडला आणि त्याच्या हातात दिला. त्या काउंटरवरून न धुतलेलं कापड बाहेर जायची ती पहिलीच वेळ होती.