कोळी सोडून सगळे

"आत्याचं गुपित भाचीनंच फोडलं! तसं नसेल, तर ही मिशी सगळ्यांसमोर अंगणात उतरवून घेईन!"

घड्याळजींनी पैज लावली तेव्हा अर्धी इमारत जिन्यात उभी होती. घड्याळं दुरुस्त करणाऱ्या या गृहस्थांची मिशी म्हणजे इमारतीची शान. तिला पीळ पडला की खालची पोरं वेळ जुळवायची.

"आणि मी हरले तर माझी वेणी," अक्का म्हणाली. अक्का खासगी गुप्तहेर. घड्याळजी तिचे शेजारी आणि बिनपगारी मदतनीस.

हसणं जिन्यातच राहिलं. वरच्या मजल्यावर आत्या दार लावून बसली होती.

आत्या बांधकामावर क्रेन चालवायची. तिच्या उंचावरच्या केबिनमध्ये कुणीतरी आधी उंदीर सोडला. मग साप, बिनविषारी. मग मांजरीचं पिल्लू. तिन्ही तिनं मुकाट्यानं पिशवीत घालून खाली आणली. चौथ्यांदा मात्र दार उघडून बसली, काम सुरू केलं आणि सीटमागून कबुतर फडफडलं. आत्याचे हात गोठले. टांगलेला बीम झोकांडला. खाली एका गवंड्याचा पाय मोडला.

आत्याला पाखरांची भीती. भाचीनं आग्रह केला म्हणून ती डॉक्टरकडे गेली होती. भाची त्याच दवाखान्यात कामाला. डॉक्टरांचं टिपण वाचून विम्याच्या बिलावर आजाराचा ठरलेला आकडा, म्हणजे कोड, टाकायचा, हे तिचं काम. आता लहानपणापासून वाढवलेल्या पोरीचं आत्या तोंड बघेना. आणि दवाखान्यानं बजावलं होतं, संध्याकाळपर्यंत खुलासा दे, नाहीतर घरी बस.

"मी कुणालाच सांगितलं नाही." भाचीचे डोळे सुजले होते. "टिपण वाचलं, कोड टाकला, बिल आत्याच्या ऑफिसात गेलं."

"बिलावर पाखरू लिहिलेलं?" अक्कानं विचारलं.

"नाही, नुसता कोड. कोळ्याच्या भीतीला वेगळा कोड असतो. साप, कुत्रा, पाखरू, बाकी सगळ्या प्राण्यांना मिळून एकच."

"कोळ्याचे एवढे लाड का?" घड्याळजी म्हणाले.

"ते यादी करणाऱ्यांना विचारा, काका."

पोरगी विषयाला फाटे फोडतेय, असं घड्याळजींनी मनाशी पक्कं केलं.

बांधकामावर मुकादमानं क्रेन दाखवली. अक्का शिडी चढून वर गेली. घड्याळजींनी खाली उभं राहून तिची पर्स सांभाळली. केबिन लख्ख होती. शिडीखालच्या खोलीत मात्र जाळ्यांची तोरणं लागली होती आणि कोळी असे, की नमस्कार करावा.

त्याच खोलीत बदली चालक बसला होता. आत्या घरी बसल्यापासून क्रेन त्याच्याकडे होती.

"तिला कशाची भीती, मला काय ठाऊक?" तो गुरकावला. "मी काय तिचा डॉक्टर?" आणि ऑफिसच्या खिडकीकडे ओरडला, "दाजी, चहा सांगा हो!"

खिडकीतला म्हातारा कारकून विम्याची बिलं बघायचा. "नुसते आकडे असतात हो त्यावर," तो म्हणाला. "पाखरू की पाल, आम्हाला कसं कळणार?"

बाहेर येताच घड्याळजींनी मिशीला पीळ दिला. "ऐकलंस? पाखरू फक्त भाचीला ठाऊक. वेणी सोड, अक्का."

"सगळ्यांना बोलवा," अक्का म्हणाली. "आत्या आणि भाचीलाही."

ऑफिसात आत्या एका कोपऱ्यात, भाची दुसऱ्या.

"भाचीला पाखरू ठाऊक होतं, डॉक्टरांनाही," अक्कानं सुरुवात केली. "त्यांच्याकडून फुटलं असतं, तर पहिल्याच दिवशी कबुतर आलं असतं. उंदीर, साप, मांजर हा खटाटोप कशाला? हा माणूस अंधारात दगड मारत होता. भीती प्राण्याची, एवढं ठाऊक. कुठल्या, ते नाही."

"मग तो कुणीही असेल!" घड्याळजी म्हणाले.

"कुणीही असता तर आधी काय सोडलं असतं? शिडीखाली फुकटचे कोळी! डबीत घातला की झालं. ते सोडून हा साप शोधत हिंडला, पिल्लू काखेत मारून शिडी चढला. कारण कोळी नाही, हे त्याला पक्कं माहीत होतं. 'प्राणी, पण कोळी नव्हे', एवढंच कुठं कळतं?"

"बिलावर," भाची हळूच म्हणाली.

सगळ्यांच्या माना कारकुनाकडे वळल्या.

"कोडाचा अर्थ तुम्ही शोधलात," अक्का म्हणाली. "पण ती शिडी चढणं तुमच्या गुडघ्यांचं काम नाही. चढला तो, ज्याला क्रेन हवी होती. तुमच्या बायकोचा भाऊ. मघाशी त्यानं तुम्हाला दाजी म्हटलं."

"दाजी काय, कुणीही कुणाला म्हणतं!"

"पाय मोडेल असं कुठं ठरलं होतं, दाजी?" बदली चालक एकदम फुटला. "तुम्हीच म्हणालात ना, कोळी नको, बाकीचं एकेक करून बघ!"

मुकादमानं दाराला कडी घातली आणि पोलिसांना फोन लावला.

आत्या उठून भाचीसमोर आली. "तू सांगत होतीस. मी ऐकलंच नाही गं," एवढंच म्हणाली. भाचीनं तिच्या खांद्यावर डोकं टेकलं.

संध्याकाळी अंगणात खुर्ची मांडली. घड्याळजी गळ्याला टॉवेल बांधून बसले.

"वस्तरा आत्या धरेल," अक्कानं फर्मावलं.

अपघातापासून आत्याचे हात थरथरत होते. घड्याळजींना घाम फुटला. "अगं, पैज मिशीची आहे, नाकाची नाही!"

"हलू नका, काका," भाचीनं त्यांचं डोकं धरलं. "आत्याच्या हाताखाली इमारती उभ्या राहिल्यात."

आत्यानं भाचीकडे पाहिलं, श्वास घेतला, वस्तरा टेकवला. घड्याळजींनी डोळे मिटले.

हात सरळ फिरला. अर्धी मिशी टॉवेलवर पडली.