रीस्टार्टची गरज नाही

ही गोष्ट खरी आहे. हसायचं तर खुशाल हसा. त्या रविवारी दुपारी सर्व्हर रूमबाहेरच्या टेबलाशी मीच बसले होते.

आमच्या कंपनीचे सर्व्हर आधी माझा मामा सांभाळायचा. अपडेट करताना एक माणूस बाहेर स्क्रीनपाशी, दुसरा आत मशीनपाशी, हा त्याचा नियम. आतला माणूस इंटरकॉमवरून सांगत राहायचा. दिवे लागलेत, पंखे चालू आहेत...

गेल्या वर्षी साहेबांनी बॅकअप न घेताच अपडेट रेटायला लावला. सगळा डेटा उडाला. आळ मात्र मामावर! आधी नोकरी गेली, मग मामाच गेला. मामीला लोक अजून तोंडावर बोलतात. मला मामाचं नाव साफ हवं होतं, बस्स.

त्या दिवशीचा अपडेट छोटासाच होता.

"सुधारणा बघ," साहेब म्हणाले. "मशीन चालू असतानाच सुरक्षेच्या दुरुस्त्या बसतात. रीस्टार्ट नको, आत माणूस नको. तुझ्या मामाची नुसती नाटकं होती."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. पण अपडेट सुरू केला.

अर्ध्यात इंटरकॉम वाजला...

आतून.

आत कुणीच नव्हतं.

मी स्पीकर लावला.

"पोरी... पंखे थांबले."

मामाचा आवाज!

खरंच, भिंतीपलीकडची घरघर बंद झाली होती. स्क्रीनवर मात्र सगळं ठीक.

"कोण आगाऊपणा करतंय?" साहेब तणतणत आत घुसले. दार आपोआप लागलं...

मी दार उघडायचं बटण दाबलं. उघडेना.

"राहू दे," स्पीकरवर मामा म्हणाला. "आधी त्याला बोलू दे."

साहेब दार बडवत होते. मग रडतच ओरडले, "बॅकअप मीच घेऊ दिला नाही! त्याची काही चूक नव्हती!"

मी मोबाईलवर सगळं रेकॉर्ड केलं. मनातून बरं वाटलं.

मग दार उघडलं. साहेब जमिनीवर बसले होते. बोटं सोलवटली होती.

रेकॉर्डिंग वरच्यांनी ऐकलं. साहेबांना काढलं. मामी ढसाढसा रडली. मला वाटलं, संपलं एकदाचं.

काल पुन्हा अपडेट होता.

इंटरकॉम वाजला...

"नाव साफ झालं गं पोरी. आता तो राहतो कुठे, तेवढं सांग."

साहेबांचं घर मला माहीत आहे.

मी सांगितलेलं नाही... अजून तरी.