अनसणे : अर्थ आणि वापर

धंतोलीतल्या एका दुमजली घराच्या वरच्या मजल्यावर कोशमंडळाची कचेरी होती. खाली वकिलाचं ऑफिस, वर तीन खोल्या, आणि त्या तीन खोल्यांतल्या लाकडी कपाटांत सत्तर-ऐंशी हजार कार्डं. एका शब्दाला एक कार्ड. कार्डावर तीन ओळी: शब्द, अर्थ आणि वापर. गोपिका वैरागडे इथं चौदा वर्षं नोकरीला होती. वापराची ओळ भरणं हे तिचं काम. दिवसभर जुनी-नवी पुस्तकं चाळायची, शब्द जिथं नीट बसलाय असं वाक्य शोधायचं, उतरवायचं. वाक्य मिळालंच नाही तर स्वतः रचायचं.

मुख्य संपादक होते नानाजी. सत्तरी ओलांडलेले, काटक, हिरव्या शाईनं लिहिणारे. मधल्या खोलीतलं मोठं टेबल त्यांचं. खिडकीजवळच्या लहान टेबलाशी उपसंपादक गणपतराव बसत. पाच खंड छापून झाले होते, आता नव्या शब्दांच्या पुरवणीचं काम चाललं होतं.

१९७४ चा मे महिना होता. खिडक्यांना वाळ्याचे ताटे लावलेले, तरी दुपारी टेबलाला हात लावला की चटका बसे. अशाच एका दुपारी नानाजींनी गोपिकासमोर एक जुना दिवाळी अंक ठेवला.

"ही विज्ञानकथा वाचा. यात एक क्रियापद आहे, लेखकानं स्वतः घडवलेलं. अनसणे. असणे, नसणे आणि अनसणे. मला आवडलं. पुरवणीत घेऊ."

गोपिकानं कथा वाचली. आकाशात तरंगणारं एक नगर. दर हिवाळ्यात ते भारानं थोडं खाली येतं. मग नगरातले जाणते लोक एका माणसाची निवड करतात आणि तो माणूस अनसतो. त्याला मारत नाहीत, हाकलतही नाहीत. आठवणींनाही वजन असतं, म्हणून तो सगळ्यांच्या आठवणीतूनही जातो. त्याच्यासाठी रडायला कोणी उरत नाही. लेखकानं अर्थ कथेतच सांगितला होता: 'मेलेल्याची उणीव असते. दूर गेलेल्याची वाट असते. अनसलेल्याचं काहीच नसतं.'

अर्थाची ओळ तिनं लगेच लिहिली. वापरापाशी मात्र अडलं. अमुक एक माणूस अनसला असं सांगणारं वाक्य सगळ्या कथेत एकच होतं, आणि त्यात छपाईचे खिळे गळालेले दिसत होते. 'सकाळ झाली आणि', पुढे बोटभर कोरी जागा, आणि मग 'अनसली.'

"नाव गळलंय. लेखकालाच विचारून या," नानाजी म्हणाले. "चंपतराव ढोबळे. खाप्याला असतात, शाळामास्तर होते. अर्थही ताडून घ्या."

गुरुवारी सकाळच्या एस. टी.नं गोपिका खाप्याला गेली. कन्हानच्या पात्रात गुडघाभरही पाणी नव्हतं. कोष्ट्यांच्या गल्लीत माग खटखटत होते. त्या गल्लीच्या शेवटी मास्तरांचं घर. चंपतराव साठीचे, बंडी घातलेले. त्यांची बायको भागीरथा हिनं कैरीचं पन्हं आणून दिलं आणि ती दाराच्या चौकटीला टेकून उभी राहिली.

गोपिकानं काम सांगितलं. चंपतराव उठले. त्यांनी फळीवरून एक वही काढली.

"हे माझं हस्तलिखित. पाहा."

तेच वाक्य, आणि इथंही तीच कोरी जागा. शाई पुसलेली नव्हती, कागद खरवडलेला नव्हता. दोन्ही बाजूंची अक्षरं आपापल्या जागी नीट होती. मधे फक्त कागद.

"तुम्ही जागा सोडून ठेवली होती?"

"नाही बाई. म्या नाव लिहिलं होतं. कथेतल्या पोरीले नाव पाहिजे होतं. बापाले कोणतं नाव सुचते?"

गोपिकाला कळलं नाही. तिनं आजूबाजूला पाहिलं. घरात मुलाबाळांची काही खूण नव्हती.

"तुम्हांला मुलगी आहे?"

"आमाले लेकरूच नाही," दारातून भागीरथा म्हणाली. आवाज सपाट होता, पाढा म्हणावा तसा. "मागच्या साली माह्यं पोट दुखून राह्यलं होतं. नागपूरच्या डॉक्टरीणबाईनं तपासलं. मले म्हणे, बाळंतपणाले किती वर्षं झाली? म्या म्हटलं, बाई, आमाले लेकरू नाही. तर म्हणे, असं काहून म्हणता? एक तर झालंच आहे. अंग खोटं बोलत नाही, म्हणे."

ती तेवढं बोलली आणि आत गेली. आत भांडं घासल्याचा आवाज सुरू झाला.

चंपतरावांनी वहीतल्या त्या शब्दावर बोट ठेवलं. "नाव गेलं, बाई. पण क्रियापदाची वेलांटी राहिली. अनसली. म्हणजे पोरगी होती. एवढंच आमाले माहीत आहे."

"केवढी होती?"

"ते व्याकरणात येत नाही."

गोपिकानं पन्ह्याचा पेला खाली ठेवला. निघताना चंपतराव गल्लीच्या तोंडापर्यंत आले. "अर्थ खुशाल छापा," ते म्हणाले. "वापर लिहू नका. लिहावाच लागला तर जित्या माणसाचं नाव त्यात घालू नका. माह्यं एवढं ऐका."

शुक्रवारी दुपारी तिनं हे सगळं नानाजींना सांगितलं.

"बिचारे," ते म्हणाले. "मूल झालं नाही. मग दुःखानं एक मूल तयार केलं, आणि ते हरवून टाकलं. समजण्यासारखं आहे."

"आणि डॉक्टरीण?"

"डॉक्टर चुकत नाहीत का? ते असो. वापराची ओळ लिहून टाका."

"मी नाही लिहिणार, नानाजी."

चौदा वर्षांत ती त्यांना पहिल्यांदाच नाही म्हणाली होती. खिडकीपाशी गणपतरावांनी मान वर केली आणि पुन्हा खाली घातली.

"वापर नसलेला शब्द आपल्या कोशात एकही नाही, गोपिकाबाई."

"मग खोटं नाव घालू. कोणाचंच नसेल असं."

"खोट्या नावानं काही झालं नाही, तर त्यातून काय सिद्ध होणार?" नानाजी हसले. "तुमची भीती जायची असेल तर खरंच नाव हवं. दुसऱ्या कोणाचं घ्यायचा मला हक्क नाही. आणा ते कार्ड."

तिनं कार्ड त्यांच्या हातात दिलं. ते न देणं तिच्या हातात होतं. तिनं दिलं. नानाजींनी हिरव्या शाईत आपल्या उजवीकडे झुकलेल्या अक्षरात तिसरी ओळ लिहिली, फुंकर घालून वाळवली आणि कार्ड तिच्यापुढे धरलं.

'नानाजी अनसले.'

"बघा. बसलोय की."

ती हसली. साडेपाचला त्यांनी टोपी घातली. "उद्या जरा लवकर या, पुरवणीचा गठ्ठा लावून टाकू," असं म्हणून ते जिना उतरले. लाकडी जिन्यावरची त्यांची पावलं तिला शेवटच्या पायरीपर्यंत ऐकू आली.

शनिवारी सकाळी गोपिका कचेरीत लवकर आली. का लवकर आली ते तिला सांगता आलं नसतं.

मुख्य संपादक गणपतराव दहा वाजता आले. मुख्य संपादक पहिल्यापासून गणपतरावच होते. कोर्टात कोणी विचारलं असतं तर तिनं शपथेवर तसं सांगितलं असतं. ते नेहमीप्रमाणे खिडकीजवळच्या आपल्या लहान टेबलाशी बसले. मधल्या मोठ्या टेबलाशी कोणी बसत नसे. का बसत नसे, हे कधी कोणी विचारलं नव्हतं.

अकराच्या सुमारास गणपतरावांनी विचारलं, "परवा गुरुवारी तुम्ही रजेवर होतात?"

"खाप्याला गेले होते ना. त्या शब्दासाठी."

"कोणत्या शब्दासाठी?"

"तुम्हीच तर पाठवलंत."

"मी?" गणपतराव चष्मा काढून तिच्याकडे बघत राहिले. "बाई, मी तुम्हांला खाप्याला कशाला पाठवीन?"

ती हसण्याच्या बेतात होती. पण खाप्याला जा असं सांगणारा आवाज आठवायला गेली, तर आवाज नव्हता. वाक्य होतं. ते कोणाच्या तोंडचं, ते नव्हतं.

तिनं पुरवणीच्या गठ्ठ्यातून कार्ड काढलं. शब्दाची आणि अर्थाची ओळ तिच्याच हातची. तिसरी ओळ हिरव्या शाईत होती. अक्षर उजवीकडे झुकलेलं. तिचं नव्हे. गणपतरावांचंही नव्हे.

आधी कोरी जागा. तीन अक्षरं मावतील एवढी. मग 'अनसले.'

तिनं कार्ड खिडकीपाशी नेऊन उजेडात धरलं. कागद स्वच्छ होता.

वाळ्याच्या ताट्यातून गार वारा येत होता, आणि तिच्या पाठीवरून घाम ओघळत होता. चौदा वर्षं ती हेच काम करत आली होती. डोकं आपोआप ते काम करू लागलं. अनसला नाही. अनसली नाही. अनसले. एकच माणूस असेल तर आदरार्थी. म्हणजे पुरुष. वयानं मोठा, मान देण्याजोगा.

आणि कार्ड तर तिच्याच ताब्यात असतं. म्हणजे लिहायला तिनंच दिलं असणार.

तिनं कोशाचा पहिला खंड उघडला. आतल्या पानावर 'मुख्य संपादक' असं छापलेलं होतं. त्याखाली काहीच नव्हतं. दुसरा खंड. तिसरा. चौथा. पाचवा.

"गणपतराव, इथं तुमचं नाव का नाही?"

गणपतराव जवळ आले. त्यांनी पानावरून अंगठा फिरवला.

"छापखान्याची चूक असेल," ते म्हणाले. मग जरा वेळानं, "मी कधी पाहिलंच नाही."

त्या दिवशी गोपिका मोठ्या टेबलापाशी कितीतरी वेळ उभी राहिली. लाकडावर एका बाजूला, मनगट टेकतं तिथं, पॉलिश झिजून गुळगुळीत झालं होतं. तिनं तिथं हात ठेवून पाहिला. रडू यायला हवं होतं. कोणासाठी रडायचं ते मात्र माहीत नव्हतं.

तिनं खाप्याला पत्र टाकलं. घडलं ते सगळं लिहिलं आणि विचारलं, परत आणण्याचा काही मार्ग आहे का. आठ दिवसांनी पोस्टकार्ड आलं. चंपतरावांनी चारच ओळी लिहिल्या होत्या. 'आम्ही शाळेचे सर्व पट पाहिले, दवाखान्याचे कागद पाहिले. प्रत्येक ठिकाणी एक ओळ कोरी आहे. तुम्ही शोधू नका. कोरी जागा सापडते, त्यापलीकडे काही सापडत नाही.'

पुरवणीतून तो शब्द तिनं काढून टाकला. गणपतरावांनी विचारलं नाही. हिरव्या शाईचं कार्ड फाडायला म्हणून तिनं दोनदा हातात घेतलं आणि दोन्हीदा परत ठेवलं. त्या माणसाचं जगात आता एक क्रियापद तेवढं उरलं होतं. तेही आपल्याच हातानं फाडायचं?

पंधरा दिवस गेले. एका दुपारी एकच्या सुमारास जिन्यावर हळू पावलं वाजली. दारात एक म्हातारी बाई उभी होती. नऊवारी लुगडं, कपाळाला मोठं कुंकू, हातात पितळी डबा. उन्हानं चेहरा लाल झालेला.

"कोणाकडे आलात, आजी?" गोपिकानं विचारलं.

बाईनं तिन्ही खोल्यांतून नजर फिरवली. "तेच तर समजून नाही राह्यलं मले. मी इंदूबाई. तिकडे काँग्रेसनगरात राहते, एकटीच. रोज बारा वाजले की मी डबा भरते अन् निघते. इतके दिवस चौकातूनच परत जात होती. आज पाय इथवर घेऊन आले."

गणपतराव उठून उभे राहिले, पण पुढे आले नाहीत.

गोपिकानं तिला हाताला धरून आत आणलं. खुर्ची एकच मोकळी होती, मोठ्या टेबलाची. बाई तिथं बसली नाही. डबा टेबलावर ठेवून पदरानं वारा घेत बाजूला उभीच राहिली, वाढायला थांबतात तशी.

"घरी कोणी नाही तुमच्या?"

"कोणी नाही वं. लग्न कुठं झालं माह्यं?" ती म्हणाली, आणि गळ्यातलं मंगळसूत्र सवयीनं पदराखाली सारखं केलं.

 गोपिकाला त्या बाईला एक नाव द्यायचं होतं. जीव तोडून द्यायचं होतं. तीन अक्षरांचं. तिनं सगळी अक्षरं मनात एकामागून एक लावून पाहिली. कोणतंही नाव कोणाचंही असू शकलं असतं.

"तुम्ही जेवता का?" इंदूबाईनं विचारलं. "नाही तर वाया जाईल."

गोपिकानं डबा उघडला. वरणात कुस्करलेली पोळी होती, अगदी मऊ, दात नसलेल्या माणसासाठी कालवावी तशी. तिनं एक घास घेतला.

"अळणी लागते ना?" इंदूबाई म्हणाली. तिचा आवाज एकदम घरातला, ओळखीचा झाला. "ह्यांना मीठ चालत नाही."

ती थांबली. पदराचा वारा थांबला. तिनं गोपिकाकडे पाहिलं, मग रिकाम्या खुर्चीकडे, मग परत गोपिकाकडे.

"ह्यांना म्हणजे," तिनं हळूच विचारलं, "कोणाले वं, बाई?"