पाच चाळीसचं बोलावणं

भुताखेतांवर माझा विश्वास नव्हता. आजही आहे की नाही, सांगता येत नाही.

पण हे माझ्याच घरात, माझ्याच फोनवर घडलंय. ऐकीव नाही. कुणाच्या मित्राच्या मित्राचं नाही. तुम्हाला पटलं नाही तर सोडून द्या, माझी काही हरकत नाही.

गुरुवार होता. संध्याकाळचे पाच चाळीस.

मी नुकताच कामावरून येऊन बॅग खुंटीला लावली होती. आई आतल्या खोलीत कपड्यांच्या घड्या घालत होती. आणि बॅगेतून आवाज आला...

कॉक-कॉक-कॉक.

कोंबडीचा.

आई आतून म्हणाली, "पोचली."

आणि पुढची घडी घातली.

माझ्या ताईला जाऊन तेव्हा चार महिने झाले होते.

आता जरा मागचं सांगतो, नाहीतर काहीच कळायचं नाही.

मी कवळ्या बनवतो. डॉक्टर लोक तोंडाचे साचे पाठवतात, आम्ही त्यावर मेण चढवून एकेक दात मांडतो. आम्ही दोघंच, मी आणि पॉलिशवाली. साडेआठ ते पाच. कामाला हात स्थिर लागतो, आणि माझा आहे. घरात मला दगडोबाच म्हणतात. रडणं, चिडणं, मिठ्या मारणं, हे माझ्याच्यानं होत नाही.

ताई माझ्याहून सहा वर्षांनी मोठी. ग्रंथालयात पुस्तकांची बांधणी करायची. नवऱ्याशी पटलं नाही, म्हणून शहराच्या दुसऱ्या टोकाला तिसऱ्या मजल्यावर एकटीच राहायची. तिला मधूनच चक्कर यायची. त्यामुळे आईच्या जिवाला घोर. रोज घरी पोचलीस की फोन कर, असा आईचा धोशा, आणि ताईचं एकच उत्तर.

"मी काय शाळेतून येते का गं, पोचले म्हणून सांगायला?"

शेवटी एक तोड निघाली. ताईला फोनवरच्या त्या शेतीच्या खेळाचं भयंकर वेड होतं. भोपळे लावायचे, विहीर खणायची, कोंबड्या पाळायच्या. घरी आल्या आल्या चप्पल काढायच्या आधी ती शेत उघडायची आणि मला बोलावणं पाठवायची. कोंबडी ओरडायची. पडद्यावर यायचं, 'या, माझं शेत बघायला या!' खाली दोन बटणं. 'येतो' आणि 'नको'.

मी कधीच गेलो नाही. पण पाच चाळीसला कोंबडी ओरडली की आई म्हणायची, "पोचली." आणि मग चहा टाकायची. फोन नाही, चौकशी नाही. सगळे खूश.

फक्त ताईला मोजून-मापून काही करता यायचं नाही. दुपारी जेवणाच्या सुट्टीतही ती पाच-सात बोलावणी पाठवायची. एका शुक्रवारी माझे वरच्या कवळीचे चौदा दात मेणात मांडून होत आले होते. शेजारी उकळत्या पाण्याचं पातेलं. खिशात कोंबडी ओरडली, मी दचकलो, आणि अख्खी मांडणी पातेल्यात. मेण वितळलं, दात तळाला. म्हातारेबुवा दुसऱ्या दिवशी कवळी न्यायला येणार होते.

पॉलिशवाली हसून हसून लाल झाली. म्हणाली, "आण इकडे तो फोन. तुझ्या ताईच्या कोंबडीला झाकून ठेवते."

तीन ठिकाणी बोट लावलं. ताईची बोलावणी बंद.

म्हणजे ती येत होती. पण आवाज नाही, पडद्यावर नाही. आत कुठेतरी एका यादीत जाऊन पडायची. बघितली तर दिसणार, नाहीतर नाही.

त्या संध्याकाळी आई म्हणाली, "आज कोंबडी ओरडली नाही."

मी म्हटलं, "आवाज बंद केलाय. पण आलं."

मी यादी बघितली नव्हती.

दुसऱ्या दिवशीही आईनं विचारलं, "आलं का?" मी म्हटलं, "आलं." मग तो शब्द तोंडात बसला. पायातले मोजे काढता काढता म्हणायचो. आलं. आलं. आलं.

बाराव्या दिवशीही म्हटलं. मंगळवारी.

बुधवारी सकाळी ग्रंथालयातून फोन आला. बाई काल आल्या नाहीत, आजही नाहीत, फोन उचलत नाहीत.

कुलूपवाल्याला घेऊन गेलो. ताई स्वयंपाकघर आणि न्हाणीघर यांच्या मधल्या जागेत पडली होती. एका कुशीवर. फोन डाव्या हातात.

डॉक्टर म्हणाले, उजवी बाजू गेली असणार. वाचाही.

मी विचारलं, "लगेच गेली?"

 म्हणाले, "नाही. सोमवारी पडल्या असतील. एक दिवस तरी... कदाचित जास्तच."

दिवस झाल्यावर मी ती यादी उघडली.

सोमवारी संध्याकाळपासून त्रेचाळीस बोलावणी होती. रात्री अकरा वाजता. तीन वाजता. पहाटे. भर दुपारी, ती कधी खेळायची नाही अशा वेळी. नंबर लावायला, बोलायला तिला जमलं नसणार. डाव्या अंगठ्याखाली तेवढं एक बटण आलं असेल.

मंगळवारी मी आईला 'आलं' म्हणालो, तेव्हा बोलावणी खरंच आलेली होती.

हे मी कुणालाच सांगितलं नाही. आईला नाही, पॉलिशवालीला नाही. मला रडूही आलं नाही. दुसऱ्या दिवशी कामावर जाऊन दात मांडायला बसलो. हात स्थिर होता.

तर, तो गुरुवार.

फोन बाहेर काढला. ताईचं नाव. 'या, माझं शेत बघायला या!'

ताईचा फोन आमच्याच कपाटात, प्लॅस्टिकच्या पिशवीत, बंद पडलेला. मी उघडून बघितला. बॅटरी फुगून पाठ वर आली होती.

घाबरायला हवं होतं. मला काहीच वाटलं नाही. मी 'नको' दाबलं आणि हातपाय धुवायला गेलो.

शुक्रवारी पाच चाळीसला... कॉक-कॉक-कॉक.

"पोचली," आई म्हणाली.

शनिवारी पॉलिशवालीला दाखवलं. तिचं तोंड उतरलं. म्हणाली, "बंद तर आहे. तेव्हाच मी बंद केलेलं, बघ." मग तिनं ताईचं नावच अडवून टाकलं. फोनचा आवाजही शून्यावर नेला.

त्या संध्याकाळी पाच चाळीसला कोंबडी ओरडली.

सोमवारी मी मुद्दाम फोन कामावरच्या खणात ठेवून आलो. घरी येऊन घड्याळासमोर बसलो. चाळीस झाले. काही नाही. एकेचाळीस... काही नाही. मी श्वास सोडला.

आतून आई म्हणाली, "पोचली गं बाई."

मला काहीच ऐकू आलं नव्हतं.

सकाळी खण उघडला. फोनवर बोलावणं होतं. पाच चाळीसचं.

एक गोष्ट मात्र खरी, आई जेवायला लागली होती. चार महिने नुसती ताटात बोटं फिरवायची. आता संध्याकाळी चहा टाकायची, गुणगुणायची. ताई नाही हे ती विसरली होती असं नाही. फोटोला रोज फुलं वाहायची. तरी पाच चाळीसला म्हणायची, पोचली.

मग थांबवायचं कशाला, असं तुम्ही म्हणाल.

कारण ती कोंबडी ओरडली की मला त्रेचाळीस आठवायचे. आईनं एक दिवस नुसतं विचारलं असतं, 'त्या वेळी काय झालं होतं रे?' तर माझ्याकडे उत्तर नव्हतं. आईला कळू नये, एवढंच मला हवं होतं.

मी त्या खेळवाल्या कंपनीला लिहिलं. खातेदार मृत आहे, खातं काढून टाका. त्यांनी दाखला मागितला, पाठवला. नातं विचारलं. 'भाऊ' लिहिलं. दोन आठवड्यांनी एका मंगळवारी दुपारी उत्तर आलं की खातं कायमचं काढलं आहे, तुमच्या दुःखात सहभागी आहोत.

पॉलिशवाली म्हणाली, "सुटलास."

घरी आलो. पाच चाळीस झाले.

शांत.

आईनं चहाचं पातेलं हातात घेतलं होतं. ते तसंच धरून उभी राहिली.

पावणेसहा... सहा... सव्वासहा.

गॅस पेटला नाही.

साडेसहाला आई बाहेर आली. "आज आलं नाही."

"आई..."

"आज ती पोचली नाही. जा, बघून ये."

"आई, कुणाला बघून येऊ? ती खोली रिकामी आहे. ताई नाहीये गं."

"ते मला कळतं," आई म्हणाली. आवाज अगदी रोजचा. "त्या मंगळवारी पण मला वाटलं होतं, याला म्हणावं बघून ये. बारा दिवस कोंबडी ओरडली नव्हती. तू नुसता 'आलं' म्हणायचास, फोनकडे न बघता. मला दिसत होतं रे. पण तू दमून आला होतास, जेवायला बसला होतास. म्हटलं, जाऊ दे."



तिला माहीत होतं. पहिल्या दिवसापासून. आणि मी चार महिने जे तिच्यापासून लपवत होतो, त्यातला अर्धा वाटा तीही माझ्यापासून लपवत होती.

"चल," ती म्हणाली. "मी पण येते."

रिक्षा केली. तीन जिने चढायला आईला बराच वेळ लागला. प्रत्येक मजल्यावर थांबली, पण माझा हात धरला नाही.

दाराला मालकाचं कुलूप होतं. बाहेरून. वर धूळ. शेजारच्या घरात कुणीतरी भांडी घासत होतं.

आईनं दाराला कान लावला. मग मला खूण केली.

मीही लावला.

आतून... खूप खालून, जमिनीलगत...

टक.

बोटाचं नख काचेवर आपटावं तसं.

टक... टक...

मध्ये बराच वेळ जायचा. वाटायचं, थांबलं. मग पुन्हा, टक.

मला तो आवाज ओळखायला वेळ लागला नाही. ज्याचा एकच अंगठा हलतोय, असं कुणीतरी फोनचं एकच बटण दाबत होतं.

मला तोंड उघडून म्हणायचं होतं, आलोय मी. ताई, आलोय. जीभ हललीच नाही. दगडोबा.

आईनं तळहात दारावर ठेवला. तापाच्या पोराच्या कपाळावर ठेवतात तसा. आणि म्हणाली,

"कळलं गं आम्हाला. आलोय आम्ही. पोचलीस ना? मग झोप आता."

आत काही नाही.

आम्ही खूप वेळ उभे होतो. भांड्यांचा आवाजही थांबला. मग आई वळली आणि जिना उतरायला लागली. मी घड्याळ बघितलं. सात पंचवीस.

दुसऱ्या दिवशी मी मालकाकडून किल्ली आणली. खोलीत काही नव्हतं. उंदीर नाही, टपकणारा नळ नाही. जमिनीवर चार महिन्यांची धूळ, पाऊल उठेल अशी. फक्त स्वयंपाकघर आणि न्हाणीघर यांच्या मध्ये एवढी जागा स्वच्छ होती. एका माणसाची. कुशीवर झोपलेल्या.

मालक म्हणाला, वारा येत असेल. खिडक्या बंद होत्या. मी हो म्हटलं.

त्यानंतर पाच चाळीसला काहीही झालेलं नाही. आई चहा टाकते. आता विचारत नाही आणि 'पोचली' म्हणतही नाही. शांत झोप लागते म्हणते. त्या मंगळवारबद्दल आम्ही पुन्हा बोललो नाही. पण ती माझ्या ताटात वाढते तेव्हा हात जरा जास्त वेळ माझ्या खांद्यावर ठेवते, आणि मी तो ठेवू देतो.

इथेच हे संपलं असतं तर मी लिहिलंच नसतं.

मागच्या आठवड्यात मी ती यादी पुसायला उघडली. खातंच नाही तर यादी तरी कशाला, असं वाटलं.

यादी तशीच होती. पाच चाळीसची नुसती पडद्यावर यायची, यादीत नसायची. मी त्या सोमवारपासूनची मोजली. सवयीनं.

चव्वेचाळीस.

शेवटचं आम्ही दाराशी उभे होतो त्या मंगळवारचं आहे. सात वाजून पंचवीस मिनिटांचं. खातं दुपारीच काढलेलं होतं. बाकीच्या त्रेचाळिसांवरची बटणं करडी पडलीत, दाबली तरी काही होत नाही. या एकावरची दोन्ही चालू आहेत.

आईनं सांगितल्यावर ताई झोपली असेल, असं मी धरून चाललो होतो. पण हे बोलावणं आईच्या फोनवर आलेलं नाही. मला आलंय.

पॉलिशवाली म्हणते, "नको दाब आणि मोकळा हो." ते माझ्याच्यानं होत नाही, एकदा तेच केलं होतं.

आणि 'येतो' दाबलं तर कुठे जायचं, ते मला माहीत नाही.

फोन माझ्यासमोर टेबलावर आहे. यादी उघडीच आहे. हे लिहिताना हात थरथरतोय. आज दोन कवळ्या बिघडल्या.