तो उठला का?

डॉक्टरीणबाई त्या दुपारी वॉर्डात आल्या त्या साध्या कामाला. कपाटात दोन्ही इंजेक्शनं पुरेशी आहेत की नाहीत, एवढंच बघायचं होतं. बाहेर सकाळपासून धुकं बसलं होतं आणि दुपार झाली तरी उठायचं नाव घेत नव्हतं. खिडक्यांतून येणारा उजेड पाणी घातलेल्या दुधासारखा. फिनेलचा वास, ओल्या लोकरीचा वास, आणि जेवणं उरकल्यावर पसरते ती सुस्ती. पलंगांवरची माणसं पेंगत होती. खिडकीजवळचा शेवटचा पलंग तेवढा रिकामा होता.

हा वॉर्ड मनाचा तोल सुटलेल्यांचा. इथं माणूस आपल्या पायांनी क्वचितच यायचा. कुणाला नातेवाईक धरून आणत, कुणाला पोलीस. आरडाओरडा, लाथा, भिंतीवर डोकं आपटणं. आधी बोलून बघायचं, समजूत घालायची, हा इथला पहिला नियम. तेवढ्यानं भागलं नाही तर सुई. आणि सुया दोन. एक झोपेची. ती टोचली की थोड्याच वेळात डोळे मिटायला लागत. पण श्वास मंदावत नाही ना, हे डोळ्यांत तेल घालून बघत बसावं लागे. दुसरी भासांवरची. ती सावकाश चढे, माणूस बहुतेक जागाच राही, पण कानातले आवाज आणि डोळ्यांपुढची नसलेली माणसं हळूहळू विरत जात. मात्र तिनं कधी मान वाकडी होई, कधी जबडा आवळून बसे.

"अहो मॅडम, सोपं आहे," मोठ्या सिस्टर म्हणायच्या. उभा जन्म या वॉर्डात काढलेली बाई. जीभ तिखट आणि हात मऊ. "डोक्यात नको तो पाहुणा शिरलाय असं समजा. पहिल्या सुईनं घरमालक झोपतो, पाहुणा तसाच बसून राहतो. दुसऱ्या सुईनं घरमालक जागा, पण पाहुणा चपला घालून चालू लागतो."

मोठ्या डॉक्टरांना असल्या दाखल्यांत रस नव्हता. कुठली सुई लवकर शांत करते, कुठलीचा त्रास कमी, हे हिवाळाभर नीट ताडून बघा, असं त्यांनी बाईंना सांगितलं होतं. जिथं दोन्ही चालण्यासारख्या असतील तिथं एका रोग्याला ही, पुढच्याला ती, अशा आळीपाळीनं द्यायच्या, आणि माणूस भानावर आला की बाईंनी शेजारी बसून त्याच्याशी बोलायचं.

या बोलण्यातच ती गोष्ट बाईंच्या कानावर आली.

आधी एक शिक्षिका होती. झोपेच्या सुईतून जागी झाली, कोरडे ओठ चाटले आणि पहिलंच विचारलं, "तो उठला का?"

"कोण?"

तिनं खिडकीजवळच्या पलंगाकडे बोट दाखवलं. पलंगावर चादर ताणून बसवलेली, एक सुरकुती नाही. शिक्षिका बरी होऊन घरी गेली. मग एक बेकरीवाला आला. या दोघांनी एकमेकांना जन्मात पाहिलेलं नव्हतं. तोही झोपेतून उठला आणि म्हणाला, "तो उठला का हो? बराच वेळ हलला नाही." त्यानंतर आणखी एक म्हातारी. भासांवरची सुई मिळालेल्यांपैकी मात्र कुणीच, कधीच, त्या पलंगाबद्दल विचारलं नाही.

योगायोग, अशी बाईंनी मनाची समजूत घातली. मोठ्या डॉक्टरांना काही सांगितलं नाही. सांगणार काय, कप्पाळ?

पण मन ऐकेना, त्याला कारण होतं. बाईंना एक धाकटा भाऊ होता. लांब हातांचा, सदा हसणारा. बाई लहानपणी जरा काही झालं की घर डोक्यावर घ्यायच्या, म्हणून तो त्यांना टिटवी म्हणायचा. ऐन विशीत त्याचं डोकं फिरलं. एकदा परक्या गावात धो धो पावसात, भर रस्त्यात ओरडत सुटला, तेव्हा लोकांनी तिथल्याच दवाखान्यात नेलं. तो प्यायलेला होता. कुणी विचारलं नाही, कुणी वास घेतला नाही. झोपेचं इंजेक्शन दिलं. लगेच शांत होईना म्हणून पुन्हा दिलं. मग तो शांत झाला आणि सगळ्यांनी सुटकेचा निःश्वास टाकला. त्यानंतर कुणाचं तरी लक्ष गेलं तेव्हा तो उताणा पडलेला होता आणि सगळं संपलं होतं. बाई तेव्हा दूर शिकत होत्या. पोचेपर्यंत त्याला न्यायची वेळ झाली होती.

"झोपेतच गेला हो. त्याला कळलंसुद्धा नाही," आई अजून सगळ्यांना सांगायची. वडील गेल्यावर ती त्या घरात एकटीच राही, आणि म्हातारपणी हातात काठी धरावी तसं तिनं हे एक वाक्य धरलं होतं. बाई मान डोलवायच्या. आपल्याला खरंच माहीत आहे का, हा प्रश्न त्यांनी कधी तोंडावाटे काढला नाही.

तर त्या दुपारी बाई कपाटापाशी उभ्या असतानाच बाहेर गलका झाला. वॉर्डबॉयनी एका सुताराला आत आणलं. पिळदार दंडांचा, पन्नाशीचा माणूस. कानामागे पेन्सिल अजून तशीच खोचलेली. कपाळ फुटून रक्त भुवईपर्यंत आलेलं. मागून त्याची बायको धापा टाकत आली, एका पायात चप्पल, दुसरा अनवाणी.

"कित्येक रात्री डोळ्याला डोळा नाही त्यांचा," ती रडत म्हणाली. "काल भिंतीशी भांडत होते. आज करवत घेऊन निघाले. काहीही करा, पण शांत करा हो त्यांना..."

दारापर्यंत सुतार ओरडतच होता. आत पाऊल पडलं आणि एकदम गप्प झाला. खिडकीकडे बघत राहिला. वॉर्डातली पेंगणारी माणसंही जागी झाली. कुणीतरी खोकलं आणि खोकला अर्ध्यातच गिळला.

"अरे," सुतार दबक्या आवाजात म्हणाला, "त्याला उताणं का झोपवलंय?"

मग तो जो उसळला, तो तिघांना आवरेना. "जीभ मागं पडलीय त्याची! ओठ बघा, ओठ! एवढी माणसं उभी आहेत आणि कुणाला दिसत नाही? सोडा मला, मेलं की ते पोर!" त्यानं मान मागे टाकून लोखंडी खांबावर डोकं आपटलं. त्याच्या बायकोनं तोंडावर पदर दाबला.

सिस्टरांनी ट्रे आणला. त्यात दोन्ही इंजेक्शनं शेजारीशेजारी. "मॅडम, कुठली भरू?"

बाईंचा हात पुढे झाला आणि तिथंच थांबला. झोपेची दिली तर सुतार झोपेल आणि ते पोर तिथंच उताणं राहील, कोण जाणे किती दिवस. दुसरी दिली तर सुताराच्या डोळ्यांपुढून ते विरत जाईल. पुसलं जाईल. आणि ज्याला ते दिसत होतं, असा या जगात आत्ता एवढा एकच माणूस होता.

"थांबा जरा, सिस्टर."

"थांबायला वेळ कुठाय? डोकं फोडून घेतील ते!"

"जरासं..." म्हणत बाई सुतारापुढे गुडघ्यांवर बसल्या. त्याच्या डोक्यामागे स्वतःचा तळहात धरला. पुढचा तडाखा त्यांच्या बोटांवर बसला. त्या कळवळल्या, पण हात काढला नाही. "काका, मला दिसत नाहीये. तुम्ही सांगा. कोण आहे तिथं?"

सुतारानं पहिल्यांदा त्यांच्याकडे बघितलं. "पोरगा आहे. लांब हातांचा. हात पलंगाबाहेर लोंबतायत बघ."

"झोपलाय ना पण?" बाईंचा आवाज त्यांचा त्यांनाच ओळखू येईना. "झोपेत... त्याला काही कळत नसेल..."

"झोपलाय कसला, पोरी! जागा आहे तो. तुम्हाला वाटतंय झोपला. हाका मारतोय... आवाज फुटत नाही त्याचा."

आईचं ते वाक्य त्यांच्या आत कुठंतरी काचेसारखं तडकत गेलं.

"कुणाला... कुणाला हाका मारतोय?"

सुतारानं कान दिला. वॉर्डात एवढी शांतता झाली की नळाचा थेंब बादलीत पडलेला ऐकू आला.

"टिटवीला," तो म्हणाला. "म्हणतोय, टिटवे... मला कुशीवर कर."

हे नाव त्या इमारतीत कुणाला ठाऊक असण्याचं कारण नव्हतं.

बाई उठल्या आणि खिडकीकडे चालत गेल्या. जवळ जाताच नाकाला वास आला, स्वस्त दारूचा आणि ओल्या केसांचा. चादर ताणलेली, उशी फुगलेली, वर कुणी नाही. शिकवलेलं सगळं हातांना आपसूक आठवलं. खांदा असेल तिथं एक हात ठेवला, कमरेपाशी दुसरा. पलीकडचा गुडघा दुमडावा तशी हालचाल केली आणि अंग मागे टाकून त्यांनी ओढलं.

मनगटांना वजन लागलं. तरण्याताठ्या माणसाचं, जड, थंडगार वजन.

पलंग करकरला. सिस्टरांना दिसली ती फक्त रिकाम्या पलंगावर वाकलेली एक डॉक्टर. पण पलंग करकरल्याचं त्यांनी पुढे शपथेवर सांगितलं. उशीत मधोमध हळूच एक खळगा पडला.

"हां..." सुतार म्हणाला. "हां, आता. आला श्वास. आला..."

त्याचं अंग सैल पडलं. वॉर्डबॉयनी आपसूकच हात सोडले. तो जमिनीवर बसून लहान मुलासारखा हमसून रडायला लागला, आणि त्याची बायको त्याच्या कपाळावरचं रक्त पदरानं टिपत राहिली. सुई लागलीच नाही. सिस्टरांनी दिलेली गोळी त्यानं बायकोच्या हातून मुकाट्यानं घेतली, वर पेलाभर पाणी प्यायला.

बाई अजून तिथंच उभ्या होत्या, दोन्ही हात हवेत तसेच. बऱ्याच वेळानं त्यांनी उशीवरून हात फिरवला. खळगा भरून आला होता.

"गेला उठून," सुतार पापण्या जड होत असताना म्हणाला. "तुझा कोण तो?"

"भाऊ."

"थंडी वाजत होती त्याला," एवढंच बोलून त्यानं डोळे मिटले. बाई शेजारी स्टूल ओढून बसल्या आणि त्याचा श्वास बघत राहिल्या. छाती वर, छाती खाली. डोळ्यांतून पाणी ओघळत होतं ते त्यांनी पुसलंही नाही, कारण पुसायला नजर हलवावी लागली असती.

दिवे लागायच्या सुमाराला त्यांनी आईला फोन लावला. काय सांगायचं ते ठरलं होतं: काहीच नाही. तो जागा होता, हे आईला या जन्मी कळता कामा नये. नुसता तिचा आवाज ऐकायचा होता.

"बरं झालं बाई तूच फोन केलास," आई म्हणाली. "अगं, दुपारी पडले होते, तर मागचं दार वाजलं. वाऱ्यानं असेल म्हणून उठले नाही. पण मघापासून मागच्या खोलीत कुणीतरी झोपल्यासारखं वाटतंय. श्वास ऐकू येतोय."

"मांजर असेल, आई."

"मांजर एवढं मोठ्यानं घोरतं होय? थांब, बघून येते. धर तू."

"आई, नको... आई!"

पण आईनं रिसिव्हर टेबलावर ठेवलेला होता. तिच्या सपाता फरशीवर घासत दूर दूर गेल्या. खूप लांबून दाराची कडी वाजली.

आणि रिसिव्हरच्या अगदी जवळ कुणीतरी श्वास घेतला.

संथ, लांब श्वास. आत गेला, बाहेर आला. मग काहीच नाही. बाई कानाशी फोन दाबून उभ्या राहिल्या. एवढं थांबतात का दोन श्वासांच्या मध्ये? किती वेळ झाला? मग पुन्हा, ओढून घेतल्यासारखा, एक श्वास.

"तू आहेस का?" बाई पुटपुटल्या. "बाळा, तू आहेस ना?"

खूप लांबून, मागच्या खोलीतून, आईचा आवाज आला, "कुणी नाही गं इथं!" सपाता परत जवळ आल्या. श्वास मध्येच थांबला, आणि मग आलाच नाही.

आईनं रिसिव्हर उचलला.

"अगं," ती म्हणाली, "हा फोन ओला कशानं झाला?"