बस म्हटलं म्हणून

ऐका, पण मध्येच हसू नका. भर दुपारची गोष्ट आहे, इथल्या, शॉमबर्गमधल्या माझ्या घरातली. बाहेर शेजाऱ्यांचा लॉनमोअर घरघरत होता आणि मी घरातल्या कुर्त्यावरच कामाला बसले होते.

जुन्या ब्रिटिश सिनेमांना कॅप्शन लावायचं माझं काम. महायुद्धानंतरचे, काळेपांढरे. त्यांत एनिड क्रॅबट्री नावाची नटी सारखी भेटायची. कधी मोलकरीण, कधी नर्स. नायिकेला चहा द्यायचा, "येस, मॅडम" म्हणायचं आणि भिंतीशी उभं राहायचं. इतक्या सिनेमांत बाई एकदाही बसलेली दिसली नाही.

त्या दिवशी फाइल संध्याकाळच्या आत गेली नाही तर माझं काम दुसऱ्या कुणाला जाणार होतं. आणि नेमकी तेव्हाच ही बया चहा ठेवून भिंतीशी गेली ती हलेचना! सीन संपला, बागेतला सीन आला, तिथेही ट्रे घेऊन उभी. मी फाइल बंद करून पुन्हा उघडली. आता ती थेट माझ्याकडे बघत होती, एका पायावर भार देऊन, पाय भरून आल्यासारखी.

शंतनूला, म्हणजे माझ्या मॅनेजरला, फोन केला.

"अरे यार, ही मेड प्रत्येक सीनमध्ये का आहे?"

"एकाच सीनमध्ये आहे, रेणू. फाइल क्लीन आहे. प्लीज, आज सबमिट कर."

माझं डोकंच फिरलं. दारात ताटकळलेल्या पाहुण्याला म्हणावं तसं मी स्क्रीनकडे बघून खेकसले, "अगं बाई, बस ना एकदाची!"

लॉनमोअर थांबला. ओल्या लोकरीचा वास आला. स्क्रीनवरची भिंत रिकामी झाली. माझ्या मागे डायनिंग टेबलची खुर्ची सरकली आणि कुणीतरी दमून सुस्कारा सोडला.

मी वळले नाही. वळायचा धीरच झाला नाही.

सिनेमातल्या नायिकेने घंटी वाजवली. कुणी आलं नाही. तिने पुन्हा वाजवली, वैतागून. मग सावकाश मान वळवून ती माझ्याकडे बघू लागली.

मागून हलकेच आवाज आला, "गो, डिअर... शी हेट्स वेटिंग."

मी उठले का, आठवत नाही. फाइल गेली, एवढं खरं. संध्याकाळी शंतनूचा फोन आला.

"परफेक्ट काम, थँक्स. पण रेणू... त्या मेडने कुर्ता का घातलाय?"